सहा दिवसांत पाच सामने

आज टेनेसीतल्या सुवानीला जाऊन आलो. डोंगरावरचं छोटंसं कॉलेजगाव, दगडी इमारती आणि समोरचं झाड दिसू नये इतकं धुकं. थेट महाबळेश्वरच! थर्मासातला चहा संपेपर्यंत ते काही हटलं नाही.

इथल्या कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉल संघातल्या पोरांनी १८९९ साली जे केलं, ते डोक्यातून जात नाहीये. ९ ते १४ नोव्हेंबर, सहा दिवसांत पाच सामने, पाचही परक्या मैदानांवर. समोर सगळे विद्यापीठांचे संघ: टेक्सास, टेक्सास ए अँड एम, टुलेन, मग एक रविवार सुट्टी, एलएसयू (लुइझियाना स्टेट) आणि ओल मिस (मिसिसिपी विद्यापीठ). मैदानातून आगगाडीत, गाडीतून पुन्हा मैदानात. पाच सामन्यांचा एकूण हिशेब? ९१-०! समोरच्यांना भोपळासुद्धा फोडता आला नाही. त्या काळी पुढे पास टाकायलाही बंदी, म्हणजे नुसती अंगावर अंग घालून रेटारेटी.

सीझनचे बाराही सामने जिंकले. गुण दिले फक्त ऑबर्नला, तो सामना ११-१०. खरं सांगू, मला तोच बघायला आवडला असता.

आणि आम्ही? दोन तास गाडी चालवून आलोय, तर कंबर धरून बसलोय. बायको म्हणाली, "मूव्ह लावू का?"