दादाचा व्हिटा आणि दहा मिनिटांची पाळी

दिवाळीच्या साफसफाईत नाशिकच्या पवननगरमधल्या घराच्या माळ्यावर दादाचा पीएस व्हिटा, म्हणजे सोनीचा हातात धरून खेळायचा गेम कन्सोल, सापडला. २०१३ साली त्याने नोकरीच्या पहिल्या पैशांतून घेतलेला. आईने तो बुटांच्या खोक्यात, जुन्या मफलरमध्ये गुंडाळून ठेवला होता. रात्रभर चार्जिंगला लावला आणि सकाळी पडदा उजळला. पहिल्या मॉडेलचा ओलेड पडदा आहे, काळा रंग अजूनही काजळासारखा दिसतो.

मी आठवीत असताना सिडकोत एका गाळ्यात दोन प्लेस्टेशन टू होते. तासाला वीस रुपये. दादाकडे दहा रुपये असले की अर्धा तास मिळायचा, आणि त्यातली शेवटची दहा मिनिटं तो मला द्यायचा. त्या गाळ्यात मी एकटीच मुलगी. 'जीटीए सॅन अँड्रियास' या खेळातली मिशन दादा खेळायचा, मी नुसती सायकल घेऊन फिरायचे. डोंगरावरून समुद्र दिसला की मला पुरे व्हायचं.

तो खेळ व्हिटासाठी कधी आलाच नाही. पण २०२१ मध्ये 'द फ्लो' या नावाने काम करणाऱ्या अँडी न्गुयेन यांनी तो व्हिटावर आणला. कसा आणला ते मला नीट सांगायचं आहे, कारण मी अंबडला मीटरचं फर्मवेअर, म्हणजे मीटरच्या आत चालणारा प्रोग्राम, लिहिते आणि हे काम बघून माझी दोन रात्री झोप उडाली.

बहुतेकांना वाटतं, हा एम्युलेटर असेल, म्हणजे एका यंत्राची नक्कल दुसऱ्यावर करणारा प्रोग्राम. नाही. प्लेस्टेशन टूचा प्रोसेसर मिप्स जातीचा, व्हिटाचा एआरएम. एकाची प्रत्येक सूचना दुसऱ्याच्या भाषेत फिरवत बसलं तर व्हिटा धापा टाकेल. पण हाच खेळ २०१३ मध्ये अँड्रॉइडवर आला होता, आणि त्या काळच्या बहुतेक फोनमध्येही एआरएमच होता. व्हिटात कॉर्टेक्स-ए९ चे चार कोअर आहेत, म्हणजे अँड्रॉइडच्या खेळाचा प्रोसेसरच्या भाषेत तयार असलेला कोड व्हिटाचा प्रोसेसर जसाच्या तसा वाचू शकतो. अडतं ते आजूबाजूला. खेळ म्हणतो फाइल उघड, आवाज वाजव, त्रिकोण काढ. ही कामं करणारं अँड्रॉइड इथे नाही. म्हणून त्यांनी एक लोडर लिहिला. तो खेळाची लायब्ररी, म्हणजे त्याच्या कोडची फाइल, मेमरीत चढवतो आणि तिने मागितलेल्या प्रत्येक फंक्शनच्या जागी व्हिटाचं फंक्शन जोडून देतो. चित्राची बाजू व्हिटाजीएल सांभाळतं. खेळाला वाटतं आपण ओपनजीएलशी, म्हणजे चित्र काढायच्या नेहमीच्या फंक्शनांशी, बोलतोय, प्रत्यक्षात बोलणं व्हिटाच्या ग्राफिक्स चिपशी चाललेलं असतं. रिन्नेगाटामान्ते या नावाच्या प्रोग्रामरचं हे काम.

त्यातली एक बारीक गोष्ट मला फार आवडली. अँड्रॉइडचा हा कोड दशांश संख्या फंक्शनला देताना साध्या रजिस्टरमध्ये, म्हणजे प्रोसेसरच्या आतल्या छोट्या कप्प्यात, ठेवतो, तर व्हिटा ती फ्लोटिंग पॉइंटच्या वेगळ्या रजिस्टरमध्ये शोधतो. खेळाने कोनाची साइन मागितली तर कोन एका खिशात आणि हात दुसऱ्या खिशात. उत्तर म्हणून कचरा येणार, आणि गाडी रस्त्यात गाडली जाणार. म्हणून दशांश संख्या घेणारी फंक्शनं अँड्रॉइडच्या रीतीने बांधून द्यावी लागतात. असल्या एका चुकीसाठी मी स्वतः मीटरच्या बोर्डावर तीन दिवस घालवले आहेत. त्यामुळे यामागे किती रात्री गेल्या असतील, याचा मला अंदाज येतो.

सोनीची परवानगी नसलेले प्रोग्राम चालू न देणारं व्हिटाचं कुलूप २०१६ च्या जुलैमध्ये हेनकाकू नावाच्या हॅकने उघडलं होतं, त्यामुळे ती वाट मळलेली आहे. खेळाच्या फायली माझ्या जुन्या टॅबमधून काढल्या. तिथे तो विकत घेतलेला होता, आणि अपडेट न केल्यामुळे लागते तीच २.०० आवृत्ती राहिली होती. सोनीचं मेमरी कार्ड लहान होतं, म्हणून गेम कार्डाच्या खाचेत बसणारा अडॅप्टर मागवला आणि एमजी रोडवरून ६४ जीबीचं मायक्रोएसडी आणलं.

तरी खेळ सुरू होईना. कुब्रिज हे खेळाला लागणारं प्लगइन, म्हणजे जोडीचा छोटा प्रोग्राम, बसवलेलं नाही, असा संदेश यायचा. फाइल तर जागेवर होती! दोन संध्याकाळी मी फाइल पुन्हा पुन्हा उतरवून टाकली. तिसऱ्या दिवशी प्लगइनची यादी असते ती कॉन्फिग फाइल ओळ-ओळ वाचली. कुब्रिजची ओळ मी सगळ्यात खाली लिहिली होती. तिथे '*main' हा विभाग चालू होता. ती '*KERNEL' या विभागाखाली हवी होती. ओळ चार ओळी वर सरकवली, व्हिटा बंद करून चालू केला, आणि पडदा काळा होऊन तसाच राहिला. मी श्वास धरून बसले. मग सूर सुरू झाला.

गर्दीच्या चौकात खेळ जरा जड चालतो, हे खरं. पण सायकल मिळते, गल्ली मिळते, आणि डोंगरावरून समुद्र दिसतो.

भाऊबीजेला दादा आला. ओवाळून झाल्यावर मी काही न बोलता व्हिटा त्याच्या हातात दिला. त्याने दोनदा माझ्याकडे पाहिलं आणि खेळायला लागला. आई ताट वाढून थांबली होती. थोड्या वेळाने मान वर न करता त्याने विचारलं, "किती झाली गं मिनिटं?" आणि व्हिटा माझ्यापुढे धरला.

जाताना मी त्याला तो घेऊन जा म्हटलं. पहिल्या मॉडेलची चार्जिंगची केबल वेगळी असते आणि ती माझ्याचकडे राहिली. शनिवारी त्याच्याकडे जाणार आहे, तेव्हा देईन.