दरखास्त गैरहजेरीत निकाली निघाली की जप्तीचं काय होतं

दावा जिंकला, हुकूमनामा (निकालाचा लेखी आदेश) झाला, तरी पुण्याच्या शिवाजीनगर कोर्टातून कुणी आपणहून तुमच्या वसुलीला निघत नाही. दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, तुम्हीच लावायची. पैशाच्या हुकूमनाम्याला त्यासाठी १२ वर्षं मिळतात. 'अमुक बांधकाम पाडा' अशा हुकमाला फक्त ३. समोरच्याने अपील केलंय एवढ्यावर अंमलबजावणी थांबत नाही, स्थगितीचा आदेश लागतो. आणि हुकूमनाम्याला २ वर्षं उलटून गेली असतील तर आधी समोरच्याला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २१ नियम २२ ची नोटीस काढावी लागते (पुढचे नियमही याच आदेशाचे आणि कलमं याच संहितेची), म्हणून उगाच थांबू नये.

१२ वर्षं हा आकडा पक्षकाराला फार निवांत करतो. खरा घोटाळा होतो तो मधल्या तारखांना. प्रोसेस फी (नोटीस-वॉरंट बजावणीची फी) भरलेली नसते, नवा पत्ता दिलेला नसतो, बेलिफ (कोर्टाचा बजावणी कर्मचारी) 'घर बंद' असा शेरा मारून वॉरंट परत करतो आणि पुढच्या तारखेला कुणी फिरकत नाही. मग रोजनाम्यात (कोर्टातल्या तारखांच्या नोंदीत) एक ओळ येते: दरखास्तदार व वकील गैरहजर, तजवीज (दरखास्तदाराने उचलायची पावलं) नाही, दरखास्त निकाली.

यावर 'पुन्हा लावू की' असं सर्रास म्हटलं जातं. मुदत शिल्लक असेल तर नवी दरखास्त लावता येतेच. पण जप्तीचं काय?

समजा, हडपसरचा फ्लॅट जप्त झालाय, दारावर आणि कोर्टात नोटीस लागलीय, दवंडीचा अहवालही आलाय. कलम ६४ प्रमाणे अशा जप्तीनंतर ऋणकोने (ज्याच्याकडून वसुली आहे त्याने) केलेली खासगी विक्री तुमच्या वसुलीच्या आड येत नाही. आता दरखास्त निकाली काढताना जप्ती चालू राहणार की उठणार, आणि चालू राहणार तर कधीपर्यंत, हे कोर्टाने नियम ५७ खाली सांगायचं असतं. आदेशात ते राहून गेलं तर जप्ती उठली असंच कायदा धरतो. नव्या दरखास्तीत नवी जप्ती बसेपर्यंत फ्लॅट मोकळा, आणि ऋणकोला एक खरेदीखत नोंदवायला एक दुपार पुरते. ती विक्री फसवणुकीची होती हे सिद्ध करत बसणं म्हणजे दुसरा दावाच.

म्हणून निकालीचा आदेश झाल्याचं कळताच त्याची नक्कल काढा आणि जप्तीबद्दलचं वाक्य आधी शोधा. सुनावणीच्या तारखेला गैरहजर राहिल्याने दरखास्त निकाली निघाली असेल तर नियम १०६ खाली ती परत फायलीवर घेण्याचा अर्ज आदेशाच्या तारखेपासून ३० दिवसांत द्यायचा. इथे विलंब माफ होत नाही. मुदत कायद्याचं कलम ५ आदेश २१ च्या अर्जांना लागूच नाही. ती तारीख मुळात सुनावणीची नव्हतीच, नुसती तजवीजीची होती, असं रोजनाम्यावरून दाखवता आलं तर कलम १५१ चा (कोर्टाच्या अंगभूत अधिकारांचा) युक्तिवाद उरतो, पण त्याच्या भरवशावर राहू नये. ई-कोर्ट्स अ‍ॅपवर सीएनआर नंबर (प्रकरणाचा ओळख क्रमांक) टाकून पुढची तारीख स्वतः बघत जा. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने राहुल शहा प्रकरणात दरखास्त ६ महिन्यांत संपवायला सांगितलंय, तेव्हा तारखांवर तारखा मिळतील असं गृहीत धरू नका.

पगार जप्तीत पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश सुटतात. सूट असलेले भत्ते वगळून पगार ३१,००० असेल तर महिन्याला जास्तीत जास्त १०,००० हाती येतील, तेही एका हुकूमनाम्यासाठी २४ महिनेच. मिळकत साताऱ्यात असेल तर पुण्याचं कोर्ट ती विकू शकत नाही. हुकूमनामा तिकडे वर्ग करून घ्यावा लागतो.

चूक ऋणकोकडूनही होते. तडजोडीचे पैसे कोर्टाबाहेर हातात दिले आणि नियम २ प्रमाणे कोर्टात नोंदवले नाहीत, तर दरखास्त चालवणारं कोर्ट ते जमेस धरत नाही. दरखास्तदार नोंदवत नसेल तर ऋणकोने पैसे दिल्यापासून ३० दिवसांत स्वतः अर्ज द्यावा.

लिलावात बोली लावणाऱ्यांनीही सांभाळून. बोली मंजूर झाली की तिथल्या तिथे २५ टक्के आणि बाकी रक्कम १५ दिवसांत भरायची. सोळाव्या दिवशी कोर्टालाही मुदत वाढवता येत नाही. मिळकत पुन्हा लिलावात जाते, भरलेली रक्कम जप्त होऊ शकते आणि दुसऱ्या लिलावात किंमत कमी आली तर फरकही त्याच बोलीदाराकडून वसूल होतो.