पाण्यावरचं मार्बल: एप्रिल ते श्रावण

पाण्यावर नेलपेंटचे थेंब टाकायचे, टूथपिकने त्यांची नक्षी करायची आणि ती नखावर उचलून घ्यायची, ते हे मार्बल. त्याच्या एप्रिलपासूनच्या नोंदी एकत्र लिहिते आहे. निष्कर्ष आधीच सांगते. पाण्यावरच्या मार्बलमध्ये नक्षी काढणं सगळ्यात सोपं असतं, टूथपिक कोणालाही फिरवता येते. कसोटी असते ती पाण्याचा पृष्ठभाग सांभाळण्याची. तो स्वच्छ आणि स्थिर असला, फार गार किंवा फार गरम नसला, की रंग आपोआप पसरतो. यातलं एक जरी बिघडलं तरी नेलपेंटची महागातली महाग बाटली उपयोगाची नाही.

एप्रिल-मे: पाणी

आमचं घर ठाण्यात, वरच्या मजल्यावर, आणि सोसायटीची टाकी गच्चीवर. मे महिन्यात दुपारी नळाचं पाणी हाताला चटका देतं. अशा पाण्यावर थेंब टाकला की तो जेमतेम पसरतो आणि दुसरा थेंब येईपर्यंत वर पापुद्रा धरतो. फ्रिजचं पाणी घेतलं तर उलटं होतं, थेंब आखडून बसतो, काही वेळा गोळी होऊन तळाला जातो. मला मानवलेला उपाय असा: रात्री फिल्टरचं पाणी तांब्यात भरून झाकून ठेवायचं आणि सकाळी खोली तापायच्या आत बसायचं.

हे असं का होतं ते समजून घेतल्यावर माझं काम फार सुधारलं, म्हणून थोडं विस्ताराने लिहिते. नेलपेंटमध्ये नायट्रोसेल्युलोज असतं, तेच सुकून नखावर थर होतं. ते इथाइल अ‍ॅसिटेट आणि ब्युटाइल अ‍ॅसिटेट अशा द्रावकांत विरघळवलेलं असतं. पाण्याचा पृष्ठताण २५ अंशांना साधारण ७२ मिलीन्यूटन प्रतिमीटर, तर इथाइल अ‍ॅसिटेटचा २४ च्या आसपास. थेंब पाण्याला टेकतो तेव्हा भोवतीचं जास्त ताणाचं पाणी त्याला चहूबाजूंनी बाहेर ओढतं. आपल्याला दिसणारं गोल वर्तुळ म्हणजे ही ओढ. पसरतानाच द्रावक उडून जात असतो, त्यामुळे वर्तुळ पातळ होतं, मग घट्ट होतं, आणि शेवटी दुधावरच्या सायीसारखं एकसंध होतं. आपली सगळी नक्षी या मधल्या थोड्या वेळात उरकायची असते.

म्हणूनच साबण इथला सगळ्यात मोठा शत्रू आहे. साबण पाण्याचा पृष्ठताण उतरवतो, आणि ताणच उरला नाही तर थेंबाला ओढणार कोण? भांड्यांच्या साबणाने घासलेली वाटी डोळ्याला लख्ख दिसते, पण तिच्या कडेला राहिलेला किंचितसा अंशही पुरतो. हातावरचं क्रीम आणि नखाभोवतीचं तेलसुद्धा हेच करतं. नक्षीसाठी मी एक वाटी वेगळी ठेवली आहे. ती रिमूव्हरने पुसायची आणि नुसत्या पाण्याने दोन-तीनदा विसळायची, तिला साबण लावायचा नाही. क्यूटिकल ऑइल, म्हणजे नखाच्या कडेच्या कातडीला लावायचं तेल, सगळं झाल्यावर, शेवटी.

घोडबंदर रोडला राहणाऱ्या माझ्या मैत्रिणीचं म्हणणं होतं की टँकरच्या पाण्यावर मार्बल होतच नाही. तिच्याकडचं पाणी बाटलीत भरून आणलं, आमचं आणि तिचं पाणी एकाच खोलीत रात्रभर ठेवलं आणि सकाळी शेजारी शेजारी करून पाहिलं. दोन्हीकडे वर्तुळं सारखी उमटली. तिच्या घरी तपासायला हवं होतं ते पाण्याचं तापमान आणि तिची वाटी.

वाटी स्टीलची, काचेची किंवा कागदी पेला. प्लॅस्टिकचे पातळ पेले आणि थर्माकोल नको, नेलपेंट आणि रिमूव्हर दोन्ही त्यांना खातात. तोंड अरुंद हवं. रुंद वाटीत रंग फार पसरून फिकट होतो आणि नेलपेंटही जास्त लागतं. खोली इतकी हवी की बोटाचं पहिलं पेर बुडून तळाला लागणार नाही.

जून: बाटल्या

स्टेशनजवळच्या आणि जांभळी नाक्याच्या दुकानांतून छोट्या स्वस्त बाटल्या आणल्या आणि एकेक थेंब पाण्यावर टाकून वही भरली. किंमत आणि पसरणं यांचा संबंध मला दिसला नाही, ताजेपणाचा मात्र थेट दिसतो. घेताना बाटली उलटी करून पाहायची. आतले पोलादी मणी पटकन खाली आले आणि रंग काचेवरून सरसर उतरला तर बाटली ताजी. दुकानदार काका दोन-चार बाटल्या उलट्या करू देतात, फक्त आधी विचारायचं. घट्ट झालेल्या बाटलीत नेलपेंटचं थिनरच घालावं, तेही थेंबाथेंबाने. अ‍ॅसिटोन घातलं की त्या वेळेपुरता रंग पातळ होतो, पण थर कमजोर होतो आणि चमक जाते.

लवकर सुकणारी आणि मॅट नेलपेंटं पाण्यावर नकोत, ती वर्तुळ पुरं होण्याआधी घट्ट होतात. जेल पॉलिशचा तर इथे संबंधच नाही. ते द्रावक उडून सुकत नाही, दिव्याखाली पक्कं होतं, त्यामुळे पाण्यावर पापुद्रा धरायचा प्रश्नच येत नाही. जेलचं मार्बल ही स्वतंत्र कला आहे आणि सुंदर आहे. पण दिव्याशी आणि कच्च्या जेलशी घरच्या घरी खेळताना कातडीला जेल लागू न देण्याची शिस्त हवी, कारण त्यातल्या अ‍ॅक्रिलेटची अ‍ॅलर्जी एकदा जडली की कायम राहू शकते. मी साध्या नेलपेंटवरच आहे.

रंगांचं म्हणाल तर पाण्यावरचा थर इतका पातळ असतो की बाटलीत दिसतो त्याहून दोन छटा फिका उतरतो. आमसुली रंग डाळिंबी दिसतो, डाळिंबी राणीकडे झुकतो. अबोली तर जवळजवळ नाहीसा होतो. म्हणून खाली पांढऱ्या नेलपेंटचा एक हात हवाच, आणि तो पूर्ण सुकलेला हवा. एक रंग गडद, एक फिका आणि मध्ये मोतिया, हा मेळ मला सगळ्यात भरवशाचा वाटतो. दोन गडद रंग शेजारी आले की बारीक रेघांमध्ये दुरून मळकट दिसतात.

करताना

सगळ्या बाटल्यांची झाकणं आधीच सैल करून ठेवायची. बोटाभोवती, नख सोडून, सोलून निघणारं लॅटेक्स लावायचं. ते नसेल तर फेव्हिकॉलचे दोन हात, पूर्ण सुकवून. सेलो टेप चालते, पण तिच्या कडेखाली पाणी शिरतं. पंखा बंद. ही अट ठाण्याच्या उकाड्यात जिवावर येते, पण चालत्या पंख्याखाली पृष्ठभाग हलतोही आणि झपाट्याने सुकतोही.

ब्रश पाण्याच्या अगदी जवळ धरून थेंब सोडायचा. उंचावरून पडलेला थेंब बुडतो. पहिला थेंब वाटीभर पसरून विरळ होतो, तो जाऊ द्यायचा. दुसरा त्याच्या मधोमध, तिसरा दुसऱ्याच्या मधोमध, अशी पाच-सहा वर्तुळं. सगळ्यात बाहेरचं वर्तुळ काठाला चिकटून सुकलेलं असतं. टूथपिक तिथून ओढली तर अख्खा पापुद्रा मागोमाग येतो, म्हणून सुरुवात आतल्या दुसऱ्या-तिसऱ्या वर्तुळापासून करायची. प्रत्येक रेघेनंतर टोक कापसाने पुसायचं. मधून बाहेर आणि बाहेरून मध्ये अशा एकाआड एक रेघा ओढल्या की फूल होतं. मला त्याहून आवडते ती एकाच दिशेने ओढलेली मोजकी रेघ, तिच्यात दगडाची शीर दिसते.

नख पाण्यात घालताना थोडं तिरकं. सपाट आपटलं की खाली हवा अडकते आणि बुडबुडा उमटतो. बोट पाण्यातच ठेवून वर उरलेला पापुद्रा कापसाच्या काडीने गोळा करून काढायचा आणि मगच बोट वर आणायचं. हे राहिलं तर बाहेर येताना दुसरा थर नक्षीवर बसतो. आणखी एक गोष्ट लक्षात असू द्या: पापुद्र्याची वरची बाजू नखाला चिकटते आणि पाण्याकडची बाजू आपल्याला दिसते. म्हणजे नक्षी उलटी, आरशातल्यासारखी येते. फुलाला फरक पडत नाही. पण कोयरीचं टोक कुठे वळवायचं हे वाटीतच ठरवावं लागतं.

नखावर राहिलेले पाण्याचे थेंब पुसायचे नाहीत. कडेने टिश्यूचं टोक लावून टिपायचे आणि थांबायचं. टॉप कोटची, म्हणजे वरून द्यायच्या पारदर्शक थराची, घाई केली तर खाली पाणी अडकून धुरकट डाग राहतो. टॉप कोट लावताना ब्रशवर भरपूर थेंब घेऊन तो नखावर तरंगवत न्यायचा. ब्रशचे केस नक्षीला टेकले की रेघा फरफटतात.

वाटीतलं पाणी बेसिनमध्ये ओतण्याआधी सगळा पापुद्रा काडीला गुंडाळून काढा आणि सुकल्यावर कचऱ्यात टाका. आणि हे सगळं देवघरातल्या समईपासून आणि गॅसपासून लांब, खिडकी उघडी ठेवून. द्रावक आणि रिमूव्हर दोन्ही चटकन पेट घेतात. पापण्यांवर खाज किंवा लाली आली तर नेलपेंटचाही विचार करा. काही नेलपेंटांतल्या टॉसिलअमाइड फॉर्मल्डिहाइड रेझिनची अ‍ॅलर्जी बोटांपेक्षा पापण्यांवर आणि मानेवर दिसते, कारण दिवसभर आपली नखं तिथे लागत असतात.

मधेच एक: विजापूर

बोटाभोवती लॅटेक्स लावताना मला हल्ली विजापूरची आठवण येते. १७ व्या शतकात आदिलशाहीच्या त्या राजधानीत चित्रकार मार्बल केलेल्या कागदातून चित्रं घडवत. हाडं वर आलेला घोडा आणि त्याच्यावरचा तितकाच कृश स्वार, असं एक चित्र न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयात आहे. त्या कागदावर जिथे रंग नको तो भाग आधी झाकून घेत आणि मग तो रंगावर टेकवत. आपण बोट झाकतो आणि नख उघडं ठेवतो, त्यात तीच युक्ती आहे. जपानी सुमिनागाशी आणि तुर्की एब्रू हीसुद्धा याच घराण्यातली. एब्रूला २०१४ मध्ये युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत स्थान मिळालं. एब्रूवाले पाण्यात डिंकासारखा पदार्थ घालून ते दाट करतात, त्यामुळे त्यांची रेघ ओढली तिथेच राहते, आणि रंग पसरावा म्हणून त्यात बैलाचं पित्त मिसळतात. आपल्याकडे पसरवण्याचं काम द्रावक करतो. पाणी मात्र पातळच असतं, म्हणून हात हलका ठेवावा लागतो. छंदाला एवढं मोठं कुळ आहे हे कळल्यापासून मी वाटीपुढे जास्त आदराने बसते.

जुलै: दमट हवा

पावसाळ्यात नवीनच अडचण आली. नक्षी स्वच्छ उमटायची आणि सुकताना तिच्यावर दुधट झाक चढायची. द्रावक उडताना पृष्ठभाग गार होतो आणि हवेतलं बाष्प त्यावर बसतं. लाकडाला लॅकर मारणाऱ्या कारागिरांना हा प्रकार चांगला ठाऊक असतो, तेही नायट्रोसेल्युलोजच वापरतात. जुलैत आपल्याकडे हवेतली आर्द्रता ८० टक्क्यांच्या वर असते, तेव्हा हे होणारच. आता मी बसण्याआधी तासभर एसी 'ड्राय' मोडवर चालवते, थेंब टाकताना बंद करते आणि हाताची सगळी नखं झाल्यावर पुन्हा लावते. दुधट झाक जवळपास गेली. एसी नसेल तर दोन सरींमधली उघडीप बघून बसा, आणि थर पातळ ठेवा.

श्रावण: वहिनीची मंगळागौर

वहिनीची ही पहिली मंगळागौर. साडी डाळिंबी, काठ मोरपंखी. तिने आधीच बजावलं होतं, "ताई, रात्रभर फुगड्या आहेत. मला नखं लहानच हवीत, आणि सकाळी टवका उडालेला नको." लहान नखावर मोठं फूल मावत नाही, म्हणून आठ बोटांना फक्त शिरा ठेवल्या: आमसुली, मोतिया, मोरपंखी, पुन्हा मोतिया. आमसुली मुद्दाम, तो उतरून डाळिंबी होतो म्हणून. दोन्ही अनामिकांना मात्र काठावरचा मोर हवा होता, आणि तो पाण्यावर होईना. त्यासाठी सिलिकॉनच्या चटईवर टॉप कोटचा थर दिला, सुकल्यावर त्यावर मोर काढला, वरून पुन्हा टॉप कोट दिला आणि रात्रभर ठेवून अख्खा तुकडा सोलून नखाच्या मापाने कापला. नखावरचा बेस कोट, म्हणजे सगळ्यात खालचा थर, चिकट असतानाच तो बसवला.

टिकण्यासाठी दोन गोष्टी केल्या. बेस कोट लावण्याआधी नखं रिमूव्हरने पुसून तेलाचा अंश काढला, आणि टॉप कोट नखाच्या टोकावरून खाली वळवून धार बंद केली. झिम्मा, फुगड्या, लाटणं, सूप, सगळं झालं. सकाळी शिरांची आठही नखं शाबूत होती. उजव्या अनामिकेवरचा मोर टोकाशी किंचित उचलला होता. चटईवरचा तुकडा पाण्यावरच्या पापुद्र्यापेक्षा बराच जाड असतो आणि नखाच्या वळणाला पूर्ण बसत नाही. त्याला खालून एकच थर द्यायचा की बसवताना कडा थिनरच्या ओल्या ब्रशने मऊ करायच्या, हे आता करून बघायचं आहे. गौरी येईपर्यंत वेळ आहे. वहिनीने जुन्या आमसुली बाटलीच्या जागी नवीही आणून ठेवली आहे, आणि तिचे मणी छान सरसर उतरतात.