मारुतीच्या कमरेला पाणी

जुन्या नाशकात पायी फिरवताना मी एका वेळी आठांपेक्षा जास्त माणसे घेत नाही. याला कारण तिवंध्याकडच्या गल्ल्यांची रुंदी. नववा माणूस घेतला की शेवटच्याला माझे बोलणे ऐकू येत नाही आणि मागून येणाऱ्या दुचाकीवाल्याचा हात हॉर्नवरून निघत नाही. ऑगस्टमधल्या त्या रविवारी सातच जण होते. पुण्याचे एक जोडपे आणि त्यांची तेरा वर्षांची मुलगी, ठाण्याच्या दोन निवृत्त मैत्रिणी, सिडकोत राहूनही गंगेवर, म्हणजे गोदावरीवर, फक्त दशक्रियेलाच गेलेले एक शिक्षक आणि पासष्टीचे एक काका, ज्यांनी नाव नोंदवताना एवढेच कळवले होते की त्यांचे बालपण सराफ बाजारात गेले आणि चाळीस वर्षांत ते तिकडे फिरकलेले नाहीत.

आदल्या संध्याकाळी गंगापूर धरणाचा विसर्ग टप्प्याटप्प्याने वाढवणार असल्याचा संदेश मोबाइलवर आला होता. तो मी वाचला, दुपारची वेळ पाहिली आणि आपण दहाला मोकळे होऊ असा हिशोब करून झोपले. त्र्यंबक आणि आंबोलीकडे रात्रभर पाऊस कोसळत राहिला तर दुपारचे वेळापत्रक सकाळवर येते, हे नाशिकमध्ये वाढलेल्या माणसाला कोणी सांगावे लागू नये. ही चूक माझीच होती.

सकाळी सातला आम्ही सुंदरनारायण मंदिरापाशी जमलो. 1756 मध्ये गंगाधर यशवंत चंद्रचूड यांनी बांधलेले हे मंदिर मी नेहमी सुरुवातीला घेते, कारण तिथून उतार सुरू होतो आणि लोकांना न सांगताच कळते की या गावाचे सगळे रस्ते नदीकडे उतरतात. मी पहिले वाक्य उच्चारण्यापूर्वीच मुलीने विचारले, "दिल्लीत आम्ही असाच वॉक केला होता. तिथले काका म्हणाले, दिल्ली सात वेळा राजधानी झाली. नाशिक किती वेळा झाली?"

"एकदाही नाही," मी म्हटले. तिचा चेहरा इतका उतरला की मला पुढे बोलणे भाग पडले. मोगलांच्या काळात हे गुलशनाबाद होते. पेशवाईत गावाला वाडे, घाट आणि देवळे मिळाली, पण गादी पुण्यातच राहिली. इथे आले ते गादीपासून दूर झालेले किंवा दूर केले गेलेले लोक. माधवराव पेशव्यांशी बिनसल्यावर त्यांच्या आई गोपिकाबाई नाशिकला येऊन राहिल्या आणि 1788 मध्ये इथेच वारल्या. रघुनाथरावांनी गावाबाहेरच्या चावंडसचे आनंदवल्ली असे नामकरण करून तिथे वाडा बांधला. "म्हणजे राजधानीवर रुसलेल्यांचं गाव," तिची आई म्हणाली. हे वाक्य मी तेव्हापासून बिनदिक्कत वापरते.

सरकारवाड्यात फार वेळ घालवला नाही, कारण पाऊस थांबेना आणि छत्र्यांमुळे कोणाला धड काही दिसत नव्हते. सार्वजनिक वाचनालय 1840 पासूनचे आहे आणि काही काळ ते याच वाड्यात होते, एवढे ऐकून शिक्षक मात्र पायरीवर थबकले. त्यांचे सभासदत्व तीस वर्षांचे होते.

तिवंधा चौकात मी सगळ्यांना मुद्दाम रस्त्याच्या मधोमध उभे केले. "तुम्ही आत्ता एका हौदावर उभे आहात," असे मी इथे सांगते आणि प्रत्येक गटातले किमान दोघे तरी पाय उचलून खाली बघतात. रहाड ही नाशिकची खास वस्तू आहे. पेशवेकाळापासून चालत आलेला हा दगडी, चौकोनी हौद वर्षभर लाकडी ओंडके आणि माती टाकून बुजवलेला असतो, त्यावरून हातगाड्या, रिक्षा आणि वराती जातात, आणि रंगपंचमीच्या तोंडावर तो उघडून साफ करतात, पूजा करून रंगाच्या पाण्याने भरतात. प्रत्येक रहाडीचा रंग ठरलेला आहे. तिवंध्याची पिवळी, दिल्ली दरवाजाची केशरी, शनी चौकाची गुलाबी. त्यात अंग झोकून देण्याला धप्पा मारणे म्हणतात, आणि धप्पा नीट बसला तर उडालेले पाणी काठावरच्या माणसांना डोक्यापासून पायापर्यंत रंगवते. काका इतका वेळ गप्प होते. ते छत्री मिटून त्या जागेवर दोन पावले इकडे, दोन पावले तिकडे चालले आणि म्हणाले, "कडा इथे येते. इथे माझा दात पडला होता."

तिथून भांडी बाजारात उतरलो तेव्हा नऊ वाजायचे होते. एरवी रविवारी या वेळेला तिथे शटर उघडण्याचा आवाज असतो. त्या दिवशी पितळेचा खणखणाट होता. माझ्या ओळखीच्या एका दुकानात मी गटाला दहा मिनिटे नेते. तिथले शेठ आणि त्यांचा एकुलता नोकर ओट्यावरची भांडी उचलून माळ्यावर चढवत होते. मला पाहताच शेठ म्हणाले, "ताई, आज कुठं घेऊन आलात यांना? पाय बुडाले केव्हाच. धाकटा पुलावर उभा आहे, आत्ताच फोन आला, मारुतीच्या कमरेला पाणी लागलं."

पुण्याच्या मंडळींना हे कळेना. रामकुंडाजवळ नदीपात्रात दुतोंड्या मारुतीची उंच मूर्ती आहे, एक मुख पुढे आणि एक मागे. पाण्याची मोजणी क्युसेकमध्ये होते. एक क्युसेक म्हणजे सेकंदाला एक घनफूट पाणी. पण अमुक हजार क्युसेक सोडले म्हणजे आपल्या उंबऱ्याला किती लागणार, हे त्या आकड्यावरून दुकानदाराला कळत नाही. ते मारुतीवरून कळते. पाय, गुडघे, कंबर, छाती, गळा. मी हे सारे दर रविवारी घाटावर उभी राहून रंगवून सांगत आले होते, आणि त्यावर लोक हसून फोटो काढत आले होते. शेठ हसत नव्हते. "कमरेला लागलं की आमचा हिशोब एक तासाचा. आमच्याकडे पाणी गंगेवरून नंतर येतं, आधी नाल्यातून येतं."

हा नाला म्हणजे सरस्वती. ती सराफ बाजाराच्या अंगाखालून जाऊन गोदावरीला मिळते. नदी चढली की नाल्याचे पाणी पुढे सरकायला जागा उरत नाही, ते फुगून मागे फिरते आणि गटारांच्या झाकणांतून वर येते. म्हणून घाटापासून लांब असलेली पेढीही अशा दिवशी सुरक्षित नसते. 2008, 2016, 2019 या तिन्ही सालांचे पूर शेठनी याच ओट्यावरून पाहिले होते.

मी गटाला म्हटले की आपण इथूनच परत फिरू, उरलेल्या फेरीचे पैसे मी देईन. ठाण्याच्या थोरल्या बाईंनी माझ्याकडे लक्ष न देता पर्स गळ्यात अडकवली आणि शेठना विचारले, "शिडी एकच आहे का?"

त्यानंतरचा पाऊण तास मी गाईड नव्हते. शिडीवर नोकर, खाली शिक्षक, मग मुलगी, मग आम्ही ओळीने ओट्यापर्यंत, आणि टोकाला शेठ. भांडे हातात देताना ते त्याचे नाव घेत होते. मोजदाद चुकू नये म्हणून ते असे करत असावेत, पण मुलीला वाटले की तिला शिकवत आहेत आणि ती प्रत्येक नाव मोठ्याने पुन्हा म्हणू लागली. घंगाळ. हंडा. सतेली. गडवा. परात, तीन. बंब आला तेव्हा ओळ थांबली, कारण तो एकट्याला पेलेना आणि हे काय असते ते तिच्या बापालाही सांगता येईना. शेठनी त्याची मधली नळी दाखवली. तिच्यात निखारे, भोवतीच्या पोकळीत पाणी, खाली राख पडायची जाळी, बाजूला तोटी. "आतून तापतं, म्हणून लाकूड कमी लागतं," ते म्हणाले आणि लगेच, "चला, चला, उचला." मी याच दुकानात दर आठवड्याला तांबे-पितळेच्या धंद्याचा इतिहास सांगते. बंबाच्या आत वाकून मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिले.

मोठ्या भांड्यात लहान बसवून माळ्यावर उतरंडी लागत होत्या. माझ्या वहीत मार्गाची टिपणे असतात, तिच्याच मागच्या पानावर शेठनी मला यादी लिहायला लावली. मधेच पुन्हा फोन आला. छाती. आता गटारीच्या झाकणाभोवती मातकट पाण्याचे एक वर्तुळ दिसू लागले होते, आणि ते हळूहळू मोठे होत होते. पलीकडच्या सराफांकडे याहून वेगळी धावपळ होती, तिथे परक्या हाताची मदत कोणी घेत नाही, ते योग्यच आहे. शटर अर्धे ओढून घरचीच माणसे चोपड्या, तराजू आणि गाद्या वरच्या मजल्यावर नेत होती.

काका मात्र ओळीत नव्हते. ते शेजारच्या जुन्या वाड्याच्या लाकडी खांबापाशी उभे होते आणि त्यांनी हात डोक्याच्या वर, खांबाच्या कण्याजवळ ठेवला होता. "एकोणसत्तरला इथपर्यंत," ते म्हणाले. तेव्हा ते दहा वर्षांचे होते आणि वडिलांनी त्यांना वरच्या मजल्यावर नेऊन खिडकीला गोधडी बांधली होती, बाहेर दिसू नये म्हणून. माझ्या तोंडी सवयीने पुढचे वाक्य आले. 1969 च्या महापुरात नारोशंकराच्या घंटेला पाणी लागले आणि घंटा आपोआप वाजू लागली, हे माझ्या फेरीतले सर्वांत लाडके वाक्य आहे. ही घंटा पोर्तुगिजांची, तिच्यावर 1721 हे साल आहे, चिमाजी अप्पांनी 1739 मध्ये वसई घेतल्यावर ती मराठ्यांच्या हाती आली आणि नारोशंकर राजेबहादुरांच्या 1747 च्या मंदिरावर चढली. एवढे सगळे ज्या वाक्यासाठी बांधत आणायचे ते वाक्य हे. मी काकांना विचारले, "तुम्ही ऐकली असेल ना घंटा?"

"कसली घंटा?" ते म्हणाले. "पाण्याचा आवाज इतका होता की आई शेजारी बसून ओरडत होती, तिचं मला ऐकू येत नव्हतं. दुसऱ्या दिवशी सगळे म्हणायला लागले घंटा वाजली. मीपण शाळेत सांगायचो, वाजली म्हणून."

दहाच्या सुमारास शेठनी दुकानाच्या फळ्या लावल्या. पाणी तेव्हा पायरीच्या खाली चार बोटे होते. आम्ही वरच्या गल्लीने रविवार कारंज्याकडे निघालो आणि तिथून होळकर पुलावर गेलो. जुनी माणसे त्याला अजून व्हिक्टोरिया पूल म्हणतात. पूर बघायला निम्मे गाव तिथे लोटले होते आणि पोलीस शिट्ट्या मारून गर्दीला कठड्यापासून मागे सारत होते. रामकुंड, गांधी तलाव, घाटाच्या पायऱ्या, टपऱ्या, काहीच वेगळे ओळखू येत नव्हते. त्या एकसंध तपकिरी पाण्यातून मारुतीचे खांद्यापासूनचे अंग तेवढे वर होते. पलीकडे पंचवटीत काळारामाला जायचे होते. 2 मार्च 1930 रोजी बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली जिथे मंदिरप्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला त्या दारापाशी मी माझी फेरी संपवते आणि ते सोडून कोणाला परत पाठवायला मला आवडत नाही. त्या दिवशी इलाज नव्हता.

मुलीने ओले केस मागे सारले आणि विचारले, "हे पाणी कुठे जातं?"

तिचा पहिला प्रश्न माझ्याकडून अर्धाच सुटला होता. मी तिला सांगितले की हे पाणी नांदूरमध्यमेश्वरच्या बंधाऱ्यावरून पुढे पैठणला जायकवाडीत जाते, आणि पैठण म्हणजे प्रतिष्ठान, सातवाहनांची राजधानी. इकडे वर, गंगापूर धरणाच्या अलीकडे, गोवर्धन नावाचे गाव आहे. पांडवलेण्यांतल्या तिसऱ्या लेण्यात गौतमीपुत्र सातकर्णीने गोवर्धनच्या अमात्याला पाठवलेली आज्ञा कोरलेली आहे, भिक्षूंना जमीन देण्याबद्दलची. म्हणजे त्या काळीही राजा बाहेरचाच होता आणि इथे त्याचा अधिकारी बसत असे.

"म्हणजे आपण आत्ता राजधानीला पाणी पाठवतोय," ती म्हणाली.

"तेही दरवेळी राजीखुशीने नाही," शिक्षक पुटपुटले. जायकवाडीला पाणी सोडण्यावरून नाशिक आणि मराठवाड्यात जे चालते ते पुण्याच्या मुलीला समजावण्याची ती वेळ नव्हती.

पाणी दुकानाच्या ओट्याला लागले, पण आत शिरले नाही. मंगळवारी भांडी खाली उतरवल्यावर शेठचा फोन आला की यादीत परात तीन लिहिल्या आहेत आणि निघाल्या चार. घंटेपाशी मी आता साल सांगते, वसई सांगते, आणि मग खांबावर हात ठेवून उभ्या असलेल्या काकांबद्दल सांगते. ते ऐकूनही प्रत्येक गटातला कोणीतरी विचारतोच, "पण ताई, वाजली होती की नाही?"