घरावरची जप्ती उठली, माझा अनुभव

मागच्या वर्षी ऐन सोयाबीन काढणीत आमच्या घराला कोर्टाची जप्ती लागली. मी चाकणला कंपनीत असतो, आईचा फोन आला तेव्हा तिला धड बोलताच येईना, एवढंच कळलं की बेलीफ आलेत आणि गल्लीत हलगी वाजवून सांगतायत. रात्रीची गाडी धरून औसा तालुक्यातल्या आमच्या गावी पोचलो तर दाराच्या चौकटीजवळ खळीने चिकटवलेला कागद आणि अण्णा, म्हणजे माझे वडील, ओसरीत भिंतीकडं तोंड करून बसलेले.

झालं असं की अण्णांनी बोअर आणि पाइपलाइनसाठी ओळखीच्या एकाकडून उसने पैसे घेतले होते, स्टॅम्पवर लिहून. दोन वर्षं पीक गेलं, पैसे फिटले नाहीत म्हणून त्यानं कोर्टात दावा लावला, समन्स आलं तर अण्णा घाबरून कोर्टात गेलेच नाहीत, म्हणून एकतर्फी हुकूमनामा, म्हणजे पैसे द्या असा कोर्टाचा निकाल झाला, 3 लाख 80 हजार अधिक व्याज. हुकूमनाम्यानंतर 40 हजार रोख दिले होते पण परस्पर, कोर्टात नोंद केली नाही, त्यामुळं दरखास्तीत, म्हणजे वसुलीसाठी त्यानं कोर्टात केलेल्या अर्जात, ते धरलेच नाहीत. कुणी असे पैसे देत असाल तर पाया पडतो, लगेच कोर्टात नोंद करून घ्या.

तालुक्याच्या विधी सेवा समितीतून वकील मिळाले. त्यांनी पहिला प्रश्न विचारला, घर तारण दिलंय का? नाही म्हटल्यावर म्हणाले मग दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम 60 आपल्या बाजूनं आहे. शेतकरी, मजूर किंवा घरकाम करणारा माणूस स्वतःच्या घरात राहत असेल तर असल्या पैशाच्या हुकूमनाम्यात ते घर जप्त करता येत नाही आणि विकताही येत नाही. शेतीला लागणारी औजारं, बैल, बियाणंही त्यात येतं, जमीन मात्र येत नाही. पण स्टॅम्पवर अण्णांनी लिहून दिलेलं की वसुली राहत्या घरातून केली तरी माझी हरकत नाही, ते वाचून माझं काळीजच बसलं. वकीलसाहेब म्हणाले ही सवलत सोडल्याचं कुणी लिहून दिलं तरी कायद्यानं ते रद्दच, 1अ पोटकलमात तसं आहे. त्या रात्री आई पहिल्यांदा जेवली.

खरी लढाई पुढं होती. आपण शेतकरी आहोत हे आपल्यालाच सिद्ध करावं लागतं आणि नुसता सातबारा दाखवून भागत नाही, जमीन स्वतः कसायची आणि पोटही मुख्यतः त्याच्यावरच पाहिजे. समोरच्या वकिलांनी तिथंच धरलं, मुलगा कंपनीत आहे, घर त्याच्या पगारावर चालतं, आणि एक एकर बटईनं, म्हणजे पिकाच्या वाट्यावर दुसऱ्याला कसायला दिलाय. मजुरी देऊन करून घेतलं तर ते स्वतः कसणं धरतात, बटईचं नाही. बाकीचे तीन एकर मात्र आई-अण्णाच करतात. मग सातबारा, आठ-अ, पीकपेरा, सोसायटीचं पीककर्ज, ग्रामपंचायतीचा घराचा उतारा नमुना 8 सगळं जोडलं, माझं बँक स्टेटमेंट पण, ज्यात खोलीभाडं आणि गाडीचा हप्ता गेल्यावर काय उरतं ते सरळ दिसत होतं. सगळ्यात उपयोगी पडल्या त्या आडत्याच्या पट्ट्या, म्हणजे माल विकल्याच्या पावत्या. आईनं सहा वर्षांच्या पट्ट्या ज्वारीच्या कणगीमागं पिशवीत ठेवलेल्या, काहींची शाई उडालेली, पण तारीख आणि क्विंटल वाचता येत होते.

उलटतपासणीत अण्णांना विचारलं, शेवटचं पाणी कधी दिलं. अण्णा म्हणाले, "परवा रात्री, हरभऱ्याला. लाइट रातचीच असती साहेब, बारानंतर येती." बॅटरी धरून धरून हाताला पडलेला घट्टा त्यांनी न विचारताच दाखवला. मी मागं बाकावर होतो, मला रडू आवरलं नाही.

आठ महिने लागले पण जप्ती उठली. आम्ही हरकत लिलावाच्या आधीच घेतली म्हणून जमलं, विक्री कायम झाल्यावर फार अवघड जातं असं वकीलसाहेब सारखं म्हणायचे, म्हणून कागद चिकटला की त्याच आठवड्यात वकील गाठा.

कर्ज काही माफ झालेलं नाही, ते खरंच घेतलेलं आहे आणि फेडायचंच आहे. जमिनीवर दुसरी जप्ती यायच्या आत पैसे देणाऱ्याशी बोलून लोकअदालतीत हप्ते बांधून घेतले. पहिला हप्ता तुरीच्या पट्टीतून कोर्टात भरला, पावती आईनं त्याच पिशवीत ठेवलीय.