तुम्ही विचारलंत म्हणून: मी अजून मॅनेजर का नाही?

"इतकी वर्षं आयटीत आहेस, मग अजून मॅनेजर कशी झाली नाहीस?" हा प्रश्न लग्नकार्यात हमखास येतो आणि "जबाबदारी नको असेल" हे उत्तरही विचारणाराच देऊन टाकतो. ते खरे नाही.

मी बँकांच्या संगणकप्रणाली सांभाळते. कोड लिहिण्यापेक्षा तो तसा का लिहिला गेला, हे जाणण्यातच माझा बहुतेक वेळ जातो. 'ज्ञानकर्मी' (हातांपेक्षा ज्ञानाने काम करणारा माणूस) ही कल्पना १९५९ साली मांडणाऱ्या व्यवस्थापनतज्ज्ञ पीटर ड्रकर यांनी पुढे बजावले होते की, अशा माणसाच्या उत्पादकतेबाबत पहिला प्रश्न 'काम नेमके कोणते?' हाच असला पाहिजे. आमची टाइमशीट फक्त बिलेबल तास, म्हणजे ग्राहकाला ज्यांचे बिल लावता येते तेवढेच तास, विचारते.

आमच्या गटातल्या एका ज्येष्ठ सहकाऱ्यांचे तास असेच कमी भरले आणि त्यांचे नाव कपातीच्या यादीत गेले. जाण्यापूर्वी त्यांच्याकडून केटी (नॉलेज ट्रान्सफर, म्हणजे कामाची माहिती दुसऱ्यांकडे सोपवणे) घेण्यात आली. एक्सेलच्या तक्त्यात प्रोग्रॅमचे नाव, उपयोग, शेवटचा वापर असे रकाने होते. 'हे का ठेवले आहे' असा रकाना नव्हता. बचत खात्यावरचे व्याज १ एप्रिल २०१० पासून रोजच्या शिलकेवर मोजले जाते. त्याआधी महिन्याच्या दहा तारखेपासून अखेरपर्यंतची किमान शिल्लक धरत. तो जुना हिशेब करणारा भाग निरुपयोगी समजून काढला गेला, आणि काही महिन्यांनी एका जुन्या खात्याच्या दाव्यात व्याज चुकीचे निघाले. शेवटी त्यांनाच फोन केला. त्यांनी कारण लगेच सांगितले, तेही आवाजात जराही कडवटपणा न आणता, आणि मला ते ऐकवेना.

त्यानंतर मला मॅनेजरपद देऊ केले गेले. पुढची यादी मी करायची होती. मी नकार दिला.

या नकाराची किंमत मोजते आहे. माझ्या हाताखाली शिकलेली मुले आज माझे मूल्यमापन करतात आणि पगारातली तफावत घरी जाणवते. पूर्वी मी ठामपणे म्हणत असे की मॅनेजरला कामातले काही कळत नाही. पण त्या खुर्चीत कामातले कळणारी कोणी असती, तर त्या ज्येष्ठ सहकाऱ्यांचे नाव यादीतून निघाले असते का? कदाचित निघाले असते. कदाचित ठरलेला आकडा गाठायला दुसऱ्या कोणाचे गेले असते. हे मला आजही ठरवता येत नाही. पद पुन्हा देऊ केले, तर यादीतले नाव खोडण्याचा अधिकार त्या पदाला आहे का, हे मी आधी विचारणार आहे.