मोठ्या कॉलेजात का नाही गेलात?

"मॅडम, इतकी वर्षं त्याच कॉलेजात बास्केटबॉल शिकवताय. मोठ्या कॉलेजात का नाही गेलात?" लग्नात विचारतात, इंटरकॉलेजच्या टेबलावर स्कोअरशीट भरणारी मुलंसुद्धा विचारतात. ऑक्टोबर २०१९ मध्ये मुंबईत वरळीच्या डोममध्ये एनबीएचे, म्हणजे अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉल लीगचे, सामने झाले, तेव्हापासून तर फारच. तुम्ही विचारलंत म्हणून आज नीट सांगते. "कुणी बोलावलंच नाही" असं मी आजवर सांगत आले. बोलावलं होतं.

नागपाड्यातल्या मुलांच्या हातात लहानपणापासून चेंडू असतो. अब्बास मुन्तसिर तिथूनच भारताचे कर्णधार झाले. असे तयार खेळाडू स्पोर्ट्स कोट्यातून मोठ्या कॉलेजांत जातात, त्यात गैर काही नाही. माझ्याकडे येतात त्या बारावीच्या टक्क्यांवर कॉमर्सला आलेल्या लालबाग-शिवडीच्या मुली. ट्रायलला ओढणी कमरेला बांधून येतात. सुरुवातीला फक्त पिव्हट. एक पाय रोवायचा, दुसऱ्याने फिरायचं, रोवलेला हलला की ट्रॅव्हलिंग, म्हणजे चेंडू समोरच्यांना. मग ड्रिबल, म्हणजे चेंडू टप्पे देत नेणं, मग ले-अप, म्हणजे पळत जाऊन रिंगजवळून चेंडू टाकणं. रिंग सगळीकडे ३.०५ मीटरवरच असते, पण जिने ती अठराव्या वर्षी पहिल्यांदा जवळून पाहिली, तिला ती फार उंच वाटते. चेंडू मिळाल्यावर शॉट मारायची वेळ ३० सेकंदांवरून २४ वर आली तेव्हा आमचे हाल झाले, कारण चेंडू सांभाळत वाट बघणं हाच आमचा खेळ होता. २०१० मध्ये थ्री पॉइंटची रेषा, जिच्या बाहेरून बास्केट केलं की तीन गुण, ६.२५ वरून ६.७५ मीटरवर गेली, तेव्हा आमच्या सिमेंटच्या कोर्टवर मुलींनीच ऑइलपेंटने नवी रेषा मारली.

आता ते बोलावणं. एका वर्षी आम्हाला चांगली सेंटर, म्हणजे रिंगजवळ खेळणारी, मिळाली होती. उंच, शांत, हुकलेला शॉट रिंगवरून परत आला, म्हणजे रिबाउंडला, हात वर गेला की चेंडू तिचाच. तिच्या जोरावर आम्ही प्रथमच क्वार्टर फायनलला पोचलो. हरलो. मुली बॅगा भरत होत्या तेव्हा एका मोठ्या कॉलेजचे क्रीडा विभागाचे सर मला बाजूला घेऊन गेले. माझं मानधनावर चाललं होतं; त्यांनी कायम नोकरी देऊ केली, वर इनडोअर कोर्ट. "फक्त येताना तुमची सेंटर आणि चेंडू पुढे नेणारी ती छोटी गार्ड, दोघींना घेऊन या. फी माफ करू." सोमवारी कळवते म्हटलं. रविवारभर विचार केला आणि सोमवारी नाही म्हणून सांगितलं. मुलींना यातलं काहीच सांगितलं नाही.

का? आमच्या टीममध्ये सात जणी होत्या. दोघी गेल्या की पाच. पाच फाउल होऊन एक बाहेर गेली की चौघींनी खेळायचं. त्या पाच जणी घरी भांडून प्रॅक्टिसला यायच्या. टीम त्याच वर्षी बंद पडली असती. हा हिशेब मी तेव्हा केला आणि आजही तो बरोबरच आहे.

पुढे काही वर्षांनी सेंटर मला करी रोडच्या पुलावर भेटली. एका खाजगी कंपनीत अकाउंट्स बघत होती. मागची गोष्ट तिला त्या कॉलेजातल्या कुणाकडून तरी कळली होती. गर्दीतून कडेला घेऊन म्हणाली, "मॅडम, मला विचारलं का नाही? तिथून खेळले असते तर रेल्वेची ट्रायल तरी दिली असती." महिला बास्केटबॉलमध्ये रेल्वेचा दबदबा किती आहे आणि त्या नोकरीने घर कसं उभं राहतं, हे मला कुणी सांगायला नको. तिच्या वडिलांची गिरणी कधीच बंद पडली होती. मी म्हटलं, "तू गेली असतीस तर टीम राहिली नसती."

"टीम तुमची होती, मॅडम. घर माझं होतं."

मग माझ्या गुडघ्याची चौकशी करून ती गाडी पकडायला गेली.

नोकरीला नाही म्हटलं त्या वयातली मी हे ऐकून चिडले असते. आपण घडवलं तर मुलीने थांबावं, असं तेव्हा मनापासून वाटायचं. आज वाटत नाही. पण उरलेल्या पाच जणींचं काय, याचं उत्तर तिच्याकडेही नव्हतं. त्यातली एक आता शाळेत पीटी शिकवते आणि तिच्या हाताखालून आलेल्या मुलींना पिव्हट आधीच येतो. हे मी पुलावर बोलले नाही. तिचा प्रश्न त्याने सुटणार नव्हता.

आणि माझं? तयार खेळाडूंना डावपेच सांगण्यापेक्षा एखादीचा पहिला ले-अप पडताना बघणं मला जास्त आवडतं. घरात दुसरा पगार होता म्हणून ही आवड परवडली, हेही खरं. सेंटरच्या घरात दुसरा पगार नव्हता.

हल्ली कुणी एखाद्या मुलीबद्दल विचारलं तर त्याच दिवशी तिला आणि तिच्या आईला सांगते. गेल्या मोसमात दोघी गेल्या. पहिल्याच मॅचला पाच जणी उतरलो, तिसऱ्या क्वार्टरमध्ये एक फाउल-आउट झाली, शेवट चौघींनी केला. मोठ्या फरकाने हरलो. घरी परतताना त्या चौघी बसमध्ये एक शब्द बोलल्या नाहीत. त्या दोघींना थांबवायला हवं होतं असं मला तेव्हा वाटलं, आणि अजूनही अधूनमधून वाटतं.